वाईचे घाट: भक्ती की पुराचा हिशेब?

वाईला लोक ‘दक्षिण काशी’ म्हणून येतात, ढोल्या गणपतीचं दर्शन घेतात आणि परततात. पण याच देवळाची मागची बाजू नीट पाहिली, तर जुनी वाई कशी विचार करत होती ते कळतं. १७६२ मध्ये गणपतराव भिकाजी रास्ते यांनी हे देऊळ कृष्णेच्या अगदी काठाशी बांधलं. मागची भिंत त्यांनी सरळ ठेवली नाही, माशाच्या आकाराची निमुळती केली, म्हणजे पुराचं पाणी तिच्यावर आदळण्याऐवजी दुभंगून दोन्ही अंगांनी निघून जातं. घाटाच्या पायऱ्यांचंही तेच: पाणी कितीही चढो वा उतरो, नदीपर्यंत पाय पोहोचतोच. माझ्या मते या वस्तीचा खरा शिल्पकार नदी आहे.

यावर कुणी म्हणेल, हा तर सावकार सरदारांचा बडेजाव! पैसा रास्त्यांचा, हे खरंच. पण नुसता बडेजाव मिरवायला दर्शनी बाजू पुरली असती, पाठभिंतीवर एवढं डोकं कोण चालवतं? दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: वरच्या अंगाला धोम धरण झालं, आता या बांधणीचं काय काम? पण धरणातूनही पावसाळ्यात पाणी सोडावं लागतंच. म्हणजे नदी आजही चढते-उतरते, आणि तिला तोंड द्यायला देऊळ, घाट, पायऱ्या मिळूनच उभ्या आहेत. म्हणून एकेक देऊळ रंगवून जतन होत नाही; गंगापुरी, मधली आळी, गणपती आळी असे आळीआळीचे घाट नदीसकट एकच रचना म्हणून सांभाळायला हवेत. (आणि काळ्या दगडाला ऑइलपेंट फासणं तर आधी थांबवा!)