वृत्तचित्रातील योजलेले वास्तव

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी यांची कुस्ती चित्रित केली. ती कॅमेऱ्यासाठीच योजलेली होती; परंतु मल्ल खरे होते. रॉबर्ट फ्लाहर्टीच्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’मध्ये (१९२२) प्रश्न अधिक बिकट होतो. हडसन उपसागराकाठच्या इनुइट शिकाऱ्यांजवळ तेव्हा बंदुका होत्या; पडद्यावर मात्र वालरसची शिकार भाल्याने होते. बर्फाच्या घरात प्रकाश पुरेना, म्हणून अर्धेच घर उभारून निजण्या-उठण्याचे प्रसंग टिपले गेले. ही तडजोड क्षम्य मानावी, कारण ती यंत्राच्या मर्यादेतून उद्भवली. भाल्यामुळे मात्र प्रेक्षकास भूतकाळच वर्तमान म्हणून दाखविला जातो. सावेदादांनी १९०१ मध्ये टिपलेल्या रँग्लर परांजपे यांच्या स्वागतसमारंभाबाबत ही शंका उरत नाही. कॅमेरा नसता तरी तो झालाच असता.