दिसले आणि समजले

परस्परांची भाषा न जाणणारी दोन जहाजे भरसमुद्रात एकमेकांशी बोलू शकतात, ती रंगीत निशाणांच्या साहाय्याने. ब्रिटिश सरकारने १८५७ साली १८ निशाणांची व्यापारी संकेतावली प्रसिद्ध केली. हल्लीची आंतरराष्ट्रीय संकेतावली १९६५ साली संमत होऊन १ एप्रिल १९६९ पासून अमलात आली. ती ९ भाषांत सिद्ध झाली. भाषा कोणतीही असो, निशाणाचा अर्थ एकच. ‘ओ’ म्हणजे माणूस समुद्रात पडला. ‘डब्ल्यू’ म्हणजे वैद्यकीय साहाय्य हवे.

परंतु यातील सर्वांत शहाणपणाचा नियम उत्तर देणाऱ्यासाठी आहे. संकेत दृष्टीस पडताच दुसरे जहाज लाल-पांढऱ्या पट्ट्यांची उत्तरपताका अर्ध्यावर चढविते. अर्थ उमगल्यावरच ती पूर्ण वर नेते. संकेत स्पष्ट ओळखता आला नाही, तर पताका अर्ध्यावरच ठेवावयाची. अर्धवट जाणून होकार देणे हे समुद्रावर एखाद्याच्या प्राणाशी गाठ घालणारे ठरते. पाण्यात पडलेल्या खलाशाचा जीव ‘दिसले’ एवढ्याने वाचत नाही. तो ‘समजले’ याने वाचतो.

व्यापारी बांधवहो, दूरध्वनीवरून आलेल्या सौद्याचा माल, भाव, वजन व मुदत उलट वाचून दाखविण्याची आपली रीतही याच न्यायाची आहे. ती घाईत सोडू नये.