जितकी दावण, तितके गायरान
स्वित्झर्लंडमधील ट्योर्बेल गावाचा पाचशे वर्षांचा कारभार

स्वित्झर्लंडच्या दक्षिणेकडील वालिस या कॅन्टनात, म्हणजे तेथील घटकराज्यात, फिस्प शहराकडून झर्मॅटला जाणारी रेल्वे श्टाल्डेन या ठिकाणी दोन नद्यांच्या संगमापाशी येते, आणि तेथून पश्चिमेचा उभा चढ चढून गेले की समुद्रसपाटीपासून सुमारे १५०० मीटर उंचीवर ट्योर्बेल हे जेमतेम पाचशे वस्तीचे गाव लागते. आल्प्स म्हटले की डोळ्यांसमोर हिरवीगार कुरणे येतात, परंतु ही दरी देशातील सर्वांत कोरड्या भागांपैकी एक आहे. उत्तरेच्या आणि दक्षिणेच्या उंच रांगा ढगांतील पाणी आधीच काढून घेत असल्यामुळे श्टाल्डेनच्या परिसरात वर्षाकाठी साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपासच पाऊस पडतो. त्यातच उतार इतका तीव्र की सपाट जमीन जवळपास नाहीच. खाली द्राक्षमळे, गावाभोवती राय या धान्याची शेते आणि गवताची कुरणे, त्यांच्यावर जंगल आणि सर्वांत वर, दोन हजार मीटरच्या पुढे, उन्हाळी चराईचे माळ अशा निरनिराळ्या उंचीवरच्या जमिनी एकाच कुटुंबाला कसाव्या लागत, आणि म्हणून येथील शेतकऱ्याचे वर्ष डोंगर चढण्या-उतरण्यातच सरत असे.

पाऊस कमी, पण वर बर्फाचे पाणी मुबलक, या विसंगतीतून वालिसमध्ये झुओनेन नावाचे पाट निर्माण झाले. डोंगराच्या कडेकडेने, मंद उताराने, कोठे खडक फोडून तर कोठे पोखरलेली लाकडे कड्याला टांगून आणलेल्या या पाटांचे पाणी ठरलेल्या पाळीने कुरणांना दिले जाई. धुळे-नाशिककडील फड पद्धत ठाऊक असलेल्या वाचकाला हा पाळ्यांचा हिशेब परका वाटणार नाही. कॅन्टनच्या वरच्या भागातील अनेक गावांत हा हिशेब टेसेल नावाच्या लाकडी पट्ट्यांवर ठेवला जाई. हातात सहज मावेल अशा पट्टीवर एका बाजूला घराण्याचे चिन्ह कोरलेले असे, कारण अक्षरओळख नसलेल्यालाही ते वाचता येई. आणि तिच्यावरील खाचांवरून त्या घराच्या वाट्याला पाण्याचा किती वेळ आला, ते समजे. चराईचे हक्क मोजण्यासाठीही अशाच पट्ट्या वापरल्या जात. पारंपरिक सिंचनाच्या या विद्येला २०२३ साली युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान मिळाले, तेव्हा स्वित्झर्लंडबरोबर युरोपातील आणखी काही देशही त्या नोंदीत सहभागी होते.

प्रशासकीय पार्श्वभूमी थोडक्यात अशी : संघराज्य, कॅन्टन आणि गेमाइंड म्हणजे ग्रामपालिका अशी तीन पायऱ्यांची ही व्यवस्था असून देशात अशा ग्रामपालिका दोन हजारांहून अधिक आहेत. स्विस पारपत्रावर जन्मस्थळाऐवजी मूळ गावाची नोंद असते, आणि रहिवाशांच्या पालिकेशेजारी मूळ गावकऱ्यांची एक वेगळी संस्था अनेक ठिकाणी आजही नांदते. ट्योर्बेलचे खरे आकर्षण मात्र या चौकटीत नाही. ते त्याच्या दफ्तरात आहे.

या गावाचे जमीनविषयक कागद १२२४ पर्यंत मागे जातात. १ फेब्रुवारी १४८३ रोजी गावकऱ्यांनी एका दस्तावर सह्या करून वरचे गायरान, जंगल आणि पडीक जमीन यांच्या वापरावर नियंत्रण ठेवणारी संघटना रीतसर स्थापन केली. १५०७ च्या एका यादीत सामाईक जमिनीच्या हद्दी नोंदवलेल्या आढळतात. आणि १५१७ साली तो नियम लिहिला गेला, ज्याच्यामुळे या आडगावाचे नाव अर्थशास्त्राच्या ग्रंथांत गेले. नियम एवढाच, की हिवाळाभर दावणीला बांधून जितक्या गाई पोसता येतील, त्याहून अधिक गाई कोणीही उन्हाळ्यात सामाईक गायरानात पाठवू नयेत.

या एका वाक्यातील चातुर्य थांबून पाहण्यासारखे आहे. डोंगरमाथ्यावरचे गवत किती जनावरांना पुरेल, याचा अंदाज बांधणे कठीण आणि त्यावर वाद घालणे अगदी सोपे. उलट शेजाऱ्याच्या कोठारात किती वाळले गवत आहे आणि त्याच्या गोठ्यात किती गाई आहेत, हे लहान गावात कोणापासूनही लपत नाही. वैरण खासगी कुरणातून येत असल्यामुळे सामाईक माळावरचा भार खासगी जमिनीच्या कुवतीला बांधला गेला, आणि उन्हाळ्यात बाहेरून गुरे विकत आणून, फुकटच्या चाऱ्यावर पोसून, शरद ऋतूत विकण्याचा व्यापारी मार्ग बंद झाला. देखरेखीसाठी गेवाल्टहाबर नावाचा गावचा अधिकारी असे. मर्यादा ओलांडणाऱ्याला त्याने दंड करावा आणि दंडाची निम्मी रक्कम स्वतःकडे ठेवावी, अशी तरतूद होती, त्यामुळे डोळेझाक करण्यात त्याचे नुकसानच होते. माळावर पोहोचताच गाई मोजल्या जात, कारण हंगामअखेर कोणत्या घराला चीजचे किती गोळे मिळायचे ते याच मोजणीवर ठरे. रस्ते दुरुस्त करणे, हिमलोटाने मोडलेले कोंडवाडे उभारणे, शेणखत पसरणे ही कामेही जितकी गुरे तितक्या प्रमाणात अंगावर येत. जंगलातील लाकडाची रीत निराळी होती : तोडायची झाडे अधिकारी खुणा करून ठेवत आणि ती घरांच्या गटांमध्ये चिठ्ठ्या टाकून वाटली जात.

हे सारे जगापुढे आणले ते रॉबर्ट नेटिंग या अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञाने. नायजेरियातील कोफ्यार शेतकऱ्यांचा अभ्यास करून तो येथे आला आणि १९८१ साली त्याचे ट्योर्बेलवरील पुस्तक प्रसिद्ध झाले. गावाच्या लोकसंख्यावाढीशी बटाट्याच्या आगमनाचा त्याने जोडलेला संबंध वाचनीय आहेच, पण त्याहून मोलाचे आहे ते एका साध्या प्रश्नाचे उत्तर : हीच माणसे शेते, कुरणे आणि द्राक्षमळे खासगी ठेवून, भावाबहिणींत समान वाटण्या करून, अगदी एका घराचे मजलेही वाटून घेत असताना गायरान मात्र सामाईक का ठेवतात? नेटिंगच्या मते जेथे उत्पन्न थोडे आणि बेभरवशाचे असते, सुधारणा करून ते फारसे वाढत नाही आणि उपयोगासाठी विस्तृत क्षेत्र लागते, तेथे सामाईक मालकीच शहाणपणाची ठरते. गॅरेट हार्डिनने १९६८ साली सामाईक कुरणाचा नाश अटळ असल्याचे मांडले होते. त्या मांडणीला १९९० साली आपल्या ग्रंथातून आव्हान देताना एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी जपान, स्पेन आणि फिलिपिन्समधील उदाहरणांबरोबर ट्योर्बेलचाही दाखला दिला. २००९ साली अर्थशास्त्राचे नोबेल मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला ठरल्या.

तरीही या गावाला समतेचा आदर्श ठरवणे भाबडेपणाचे होईल. ज्याची कुरणे मोठी, त्याच्या गाई अधिक आणि चीजही अधिक, हे नियमातच अभिप्रेत होते. शिवाय १४८३ च्या दस्तानुसार एखाद्या उपऱ्याने गावात जमीन विकत घेतली, तरी गायरानात किंवा जंगलात त्याला कोणताही हक्क मिळत नसे. त्याला सामावून घ्यायचे की नाही, हे मूळ गावकरीच ठरवत. स्त्रियांच्या राजकीय हक्कांबाबत तर संपूर्ण देशच मागे होता, आणि संघराज्य पातळीवर त्यांना मताधिकार मिळण्यास १९७१ साल उजाडावे लागले. गंमत अशी, की याच डोंगराच्या पलीकडच्या उतारावरील उंटरबेख या खेड्याने १९५७ सालीच आपल्या स्त्रियांना एका राष्ट्रीय जनमताच्या वेळी मतदान करू दिले होते. त्यांची मते अधिकृत मोजणीत धरली गेली नाहीत, परंतु जुन्या रूढींना चिकटून असलेल्या डोंगराळ मुलखातूनच हे पाऊल पडावे, याची नोंद घ्यावीशी वाटते.

रस्ता आणि बस आल्यापासून खाली फिस्पच्या कारखान्यांत नोकरी करून रात्री वर मुक्कामाला येणे शक्य झाले, आणि शेती अनेकांसाठी जोडधंदा बनली. उन्हात काळवंडलेली लार्चच्या लाकडाची घरे आणि उंदीर चढू नयेत म्हणून दगडी चकत्यांवर उभारलेली धान्याची कोठारे आता पर्यटक पाहून जातात. गावावरील मोसाल्प या माळावर उन्हाळ्यात भटकंती आणि हिवाळ्यात बर्फातील खेळ चालतात. आल्प्समध्ये अनेक ठिकाणी गुरे घटल्यामुळे न चरलेल्या माळांवर झुडपे आणि जंगल सरकत आहे, त्यामुळे १५१७ साली गाईंच्या अतिरेकाला घातलेला बांध जेथे होता त्याच डोंगरांवर आज चराई चालू राहावी म्हणून संघराज्याच्या तिजोरीतून उन्हाळी चराईचे अनुदान दिले जाते.