मुलाचा नकार घरात ऐकला जातो का?

नंदेसरीसारख्या औद्योगिक वसाहतीत आई-वडील दोघेही पाळीवर गेले की मूल शेजारी, नातेवाईक किंवा शिकवणीच्या भरवशावर असते. अनोळखी माणसाबरोबर जाऊ नकोस, असे त्याला बजावून आपण निश्चिंत होतो. केंद्रीय महिला व बालविकास मंत्रालयाच्या २००७ च्या अहवालाने ही निश्चिंती किती पोकळ आहे ते दाखवले. गुजरात आणि महाराष्ट्रासह १३ राज्यांतील १२,४४७ मुलांच्या त्या पाहणीत ५३ टक्क्यांहून अधिक मुलांनी लैंगिक छळाचा एखादा तरी प्रकार सोसल्याचे सांगितले. छळ करणाऱ्यांतले निम्मे मुलाच्या ओळखीचे, विश्वासातले होते आणि बहुतेक मुलांनी याची कुठेच वाच्यता केली नव्हती.

या गप्प राहण्याची तयारी नकळत घरातच होते, असे मला वाटते. मूल अंग चोरत असताना ‘काकांना पापी दे’ म्हणून त्याला पुढे ढकलायचे आणि नाही म्हटले तर हट्टी ठरवायचे, यातून मोठ्यांपुढे आपल्या नकाराला किंमत नाही हेच ते शिकते. मग शाळेत एका तासात शिकवलेला चांगला-वाईट स्पर्श ऐनवेळी कसा आठवावा? त्यापेक्षा लांबून नमस्कार पुरे म्हणावे. आंघोळ घालताना अवयवांची नावे न लाजता सांगावीत. नावच माहीत नसेल तर तक्रार तरी कशी करणार? आईपासून लपवायला सांगणारा कुणीही असो, ते आईला सांगायचेच, हेही रुजवावे.

यावर ‘मुले अकाली मोठी होतील’ अशी भीती घातली जाते. पण इथे लैंगिक संबंधांची माहिती द्यायचीच नाही. शरीरावर हक्क कुणाचा, एवढेच सांगायचे आहे. एका खोलीच्या संसारात कसला खासगीपणा, हा आक्षेप अधिक खरा आहे. तरीही कपडे बदलताना पाठ फिरवणे, मोरीला पडदा लावणे, अंग पुसण्याआधी विचारणे याला वेगळी खोली लागत नाही.

मात्र रक्षणाची जबाबदारी मुलावर टाकता येणार नाही. ‘तू ओरडली का नाहीस?’ हा प्रश्न क्रूर आहे. मुलाने सांगितले की आधी विश्वास ठेवावा, खोदून विचारू नये, १०९८ या बाल मदतवाहिनीवर फोन करावा. मुलांना लैंगिक गुन्ह्यांपासून संरक्षण देणाऱ्या २०१२ च्या पॉक्सो कायद्याने असा गुन्हा कळवणे बंधनकारक आहे. मुलाचा जबाब घरीही घेता येतो, जबाब घेणारा अधिकारी गणवेशात नसतो आणि मुलाला रात्री पोलीस ठाण्यात ठेवता येत नाही. पोलिसांच्या धास्तीने गप्प बसणाऱ्या पालकांना या तरतुदी आधीच माहीत हव्यात.