समुद्रातली ओळखपरेड

६ जुलै २०२५ ची रात्र. चौल-रेवदंड्यासमोर, कोर्लईपासून दोन-तीन सागरी मैलांवर तटरक्षक दलाला पडद्यावर एक बोट दिसली. नाव ‘मुकद्दर बोया ९९’, नोंद पाकिस्तानची. ‘ऑपरेशन सिंदूर’ला जेमतेम दोन महिने झालेले. पोलीस, बॉम्बशोधक पथक, तटरक्षक दल, नौदल सगळे कामाला लागले. पाऊस कोसळत होता, समुद्र खवळलेला, आणि बोट काही केल्या सापडेना. सापडणार कशी? बोट नव्हतीच. पाकिस्तानी मच्छीमारांच्या जाळ्यापासून सुटलेला, यंत्र बांधलेला एक बोया वाहत आला होता.

हसू येतं खरं, पण एक बोया एवढा प्रवास करून आपलं नाव सांगतो कसा, हे कळलं की हसू मावळतं. मोठ्या जहाजांवर ‘एआयएस’ नावाचं यंत्र असतं. मी कोण, कुठे आहे, कुठे निघालोय, हे ते रेडिओवरून सारखं सांगत राहतं. सोबत नऊ आकडी ओळखक्रमांक. जहाजाच्या क्रमांकातले पहिले तीन आकडे देशाचे: भारताचे ४१९, पाकिस्तानचे ४६३. मूळ हेतू टक्कर टाळण्याचा. पण खोल समुद्रात लांबलचक जाळी सोडणाऱ्यांनी ओळखलं की हेच यंत्र बोयाला बांधलं तर वाहून गेलेलं जाळं शोधता येतं. आपण जहाजावर आहोत की बोयावर, हे यंत्राला कुठलं कळायला!

बाकीचं काम पावसाळ्याने केलं. या दिवसांत आपल्या किनाऱ्यालगतचा प्रवाह उत्तरेकडून दक्षिणेकडे वाहतो आणि नैऋत्येचा वारा तरंगती वस्तू किनाऱ्याकडे रेटतो. त्यात १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद. आपल्या होड्या शाकारून ठेवलेल्या, समुद्र मोकळा. एरवीच्या गर्दीत हा बोया कदाचित नजरेतून सुटलाही असता.

मला चक्रावून टाकते ती वेगळीच गोष्ट. नाव-गाव सांगत आलेल्या बोयाने अख्खा जिल्हा जागवला. खरे घातपाती मात्र गपचूप आले होते. १९९३ च्या सुरुवातीला याच जिल्ह्यात, श्रीवर्धनजवळच्या शेखाडीला आरडीएक्स उतरलं. १२ मार्चला मुंबईत २५७ माणसं गेली. २००८ साली कराचीहून निघालेल्या दहा जणांनी भर समुद्रात ‘कुबेर’ बळकावली. ती पोरबंदरची, म्हणजे आपलीच. मुंबईजवळ येऊन ते रबरी होडीतून कफ परेडच्या मच्छीमार वस्तीपाशी उतरले. पडद्यावर परकं असं काही दिसलंच नसतं.

म्हणून २६/११ नंतर सगळा भर ओळख पटवण्यावर आला. २००९ मध्ये किनारी सुरक्षेची एकूण जबाबदारी नौदलाकडे गेली. किनाऱ्यावर रडारची साखळी उभी राहिली. २०१४ पासून तिची माहिती गुरुग्रामच्या केंद्रात एकत्र होते. मच्छीमारांना ओळखपत्रं मिळाली, राज्यागणिक बोटींचे रंग ठरले. तरीही वीस मीटरहून लहान होड्यांना एआयएसची सक्ती नाही, आणि आपल्या किनाऱ्यावर जिथे तिथे त्याच!

चौलच्या पाण्याला ही झडती नवी नाही. पोर्तुगीज सोळाव्या शतकात ‘कार्ताझ’ नावाचा परवाना विकत; तो नसलेलं जहाज धरलं जाई. पुढे कान्होजी आंग्रे दस्तक देऊ लागले, तेव्हा इंग्रजांनी त्यांना चाचा ठरवलं. १७२१ मध्ये इंग्रज आणि पोर्तुगीज मिळून त्यांच्या कुलाबा किल्ल्यावर चालून गेले आणि हात हलवत परतले. परवाना कुणाचा खरा मानायचा, याचं भांडण तेव्हाही आरमारानेच लढलं गेलं.

आज शेजाऱ्याशी बोलायची वाट अगदी बंद आहे असंही नाही. भारताचं तटरक्षक दल आणि पाकिस्तानची सागरी सुरक्षा संस्था यांच्यात २००५ साली करार झाला, थेट दूरध्वनीची सोयही झाली. पण दोन देशांच्या सीमेवरच्या सर क्रीक खाडीचा वाद मिटलेला नसल्याने तिथून पुढे समुद्रात मान्य सीमारेषाच नाही. दोन्हीकडचे मच्छीमार पकडले जातात. २००८ च्या करारानुसार दर १ जानेवारीला आणि १ जुलैला कैद्यांच्या याद्यांची देवाणघेवाण होते. बोया येण्याच्या पाचच दिवस आधी ती झाली होती: पाकिस्तानने दिलेल्या यादीत १९३ मच्छीमार होते, भारताच्या यादीत ८१.