वेरोना येथील पुसून लिहिलेली पोथी

रोमन इतिहासाचीं साधनें म्हटलीं कीं, शिलालेख, नाणीं व इमारती यांकडे प्रथम दृष्टि जाते. परंतु त्या लोकांची सर्वांत टिकाऊ देणगी जी व्यवहारविद्या, म्हणजे त्यांचा कायदा, तिच्या एका मुख्य ग्रंथाचें ज्ञान बव्हंशीं एकाच पोथीवर अवलंबून आहे. आणि ती पोथीही पुसून टाकलेली. तिचा वृत्तांत संग्राहकांनीं ध्यानांत ठेवण्याजोगा आहे.

गायस नांवाच्या पंडितानें इ. स. १६० च्या सुमारास विद्यार्थ्यांसाठीं ‘इन्स्टिट्यूट्स’ हा चार भागांचा ग्रंथ रचिला. पुढें ५३३ सालीं जस्टिनियन बादशहानें त्याच नांवाचा ग्रंथ, बराचसा गायसाच्या धर्तीवर, तयार करविला. तेव्हां जुन्याची गरज सरली. चर्मपत्र महाग, म्हणून ५०० च्या सुमाराची गायसाची एक पोथी घासून-धुवून तिजवर संत जेरोमचीं पत्रें लिहिण्यांत आलीं. कांहीं पानांवर तर हा प्रकार दोनदां घडला. तथापि ज्यानें पुसलें त्यानेंच राखलें असेंही म्हणावें लागतें. कारण जेरोमचीं पत्रें म्हणूनच ती वेरोनाच्या प्रधान देवालयाच्या ग्रंथालयांत जपली गेली.

१८१६ सालीं इतिहासकार नीबूर प्रशियाचा वकील म्हणून रोमकडे जात असतां त्यास हीं खालचीं अक्षरें आढळलीं. त्यानें पाठविलेल्या नकलेवरून साविन्यी यानें ग्रंथ गायसाचा असल्याचें ओळखिलें. १८१७ त ग्योशन प्रभृति पंडितांनीं वाचन केलें व १८२० त पहिली आवृत्ति निघाली. तींतील चौथ्या भागामुळें रोमन न्यायालयांतील जुन्या कामकाजाची रीत प्रथमच नीट कळली. त्यांत शब्दांचें बंधन किती कडक होतें पाहा : द्राक्षवेली तोडल्याबद्दल फिर्याद करणारानें ‘वेली’ असा शब्द उच्चारला म्हणून तो दावा हरला, कारण द्वादशपट्टांच्या कायद्यांत शब्द होता ‘झाडें’.

परंतु या लाभाची किंमत पोथीस द्यावी लागली. पुसट शाईंतील लोहांशावर मायफळांचा अर्क लाविला असतां अक्षर क्षणभर काळें उमटतें. मात्र तो रंग पुढें सर्व पानभर पसरतो. नीबूरनें हा उपाय केला. नंतर ब्लूमनें त्याहूनहि तीव्र द्रव्य वापरलें. परिणामीं कित्येक जागा कायमच्या काळवंडल्या. स्टुडेमुंड यानें अत्यंत कष्टानें पुन्हां वाचन करून १८७४ सालीं पानोपान, ओळींस ओळ अशी नक्कल छापली. गेलेलें मात्र परत आलें नाहीं.

पुढें इजिप्तच्या वाळूनें साह्य केलें. १९२७ सालीं प्रसिद्ध झालेल्या ऑक्सिरिंकसच्या पपायरसावरून वेरोनाचा पाठ विश्वसनीय ठरला. १९३३ सालीं कैरो येथें विकत मिळालेल्या चर्मपत्राच्या तुकड्यांत तर वेरोनाच्या पोथीवरून न मिळालेला मजकूर निघाला : पिता वारल्यावर पुत्रांची मालमत्ता अविभक्त राहून त्यांची एक प्राचीन भागी होत असे, आणि एका भावानें सामाईक दास मुक्त केला तरी ती मुक्तता सर्वांवर बंधनकारक असे. आपल्या अविभक्त कुटुंबाची येथें आठवण होणें साहजिक आहे. परंतु मिताक्षरेप्रमाणें पुत्राचा हक्क जन्मतःच उत्पन्न होतो, रोमन भागी पित्याच्या मृत्यूनंतर, हा भेद विसरतां कामा नये.

नीबूर व ब्लूम यांचा हेतु शुद्ध होता व विद्वत्ताहि थोर. तरी त्यांच्या उतावळेपणानें जी हानि झाली ती जेरोमच्या लेखकानेंहि केली नव्हती. आज अतिनील किरणांच्या छायाचित्रणानें पानास द्रव्य न लावितां पुसट अक्षर वाचतां येतें. तेव्हां ज्याच्या संग्रहीं पुसट किंवा दुबार लिहिलेला कागद असेल त्यानें तो उजळविण्याचा यत्न करूं नये. वाचलें तेवढें उतरून घ्यावें, न वाचलेली जागा मोकळी सोडावी, आणि मूळ पान पुढील वाचकासाठीं जसेंच्या तसें ठेवावें.