दुहेरी मार्ग, दुहेरी केबल

मुदखेड जंक्शनवरून तीन दिशांना रूळ फुटतात: नांदेड-परभणीकडे, निजामाबादकडे आणि आदिलाबादकडे. परभणीपर्यंतचा मार्ग एकेरी होता, तेव्हा क्रॉसिंगसाठी गाडी किती ताटकळायची हे इथल्या माणसाला सांगायला नको. तो मार्ग दुहेरी झाला. संगणकाच्या जाळ्यातही असाच प्रश्न येतो, पण तिथे नुसती दुसरी केबल टाकून भागत नाही.

समजा, एका कॉलेजात तळमजल्यावर एक स्विच आहे, वरच्या मजल्यावर दुसरा, आणि दोघांमध्ये एक गिगाबिटची एकच केबल. सर्व्हर खाली, विद्यार्थी वर. प्रॅक्टिकलच्या वेळी सगळे एकदम फायली मागतात आणि केबल तुंबते. म्हणून कुणीतरी दुसरी केबल जोडतो. आता सगळ्यांसाठी असलेला एखादा संदेश एका केबलने वर जातो, दुसरीने खाली येतो, पुन्हा वर जातो. इथरनेटच्या फ्रेमला आयुष्याची मर्यादा नसते, त्यामुळे ती गरगरतच राहते आणि काही क्षणांत सगळं नेटवर्क बसतं. हा लूप. स्विचमधली स्पॅनिंग ट्री ही सोय चालू असेल तर स्विच लूप ओळखून एक केबल अडवून ठेवतो. म्हणजे खर्च दोन केबलींचा, काम एकीचं.

यावरचा उपाय म्हणजे लिंक अॅग्रिगेशन. त्यात दोन्ही स्विचना सांगायचं की या दोन केबली मिळून एकच वाट समजा. मग स्पॅनिंग ट्रीलाही एकच वाट दिसते. याचं मानक, ८०२.३एडी, २००० साली आलं. २००८मध्ये ते ८०२.१एएक्स झालं. नावांचा मात्र गोंधळ आहे. सिस्को इथरचॅनेल म्हणते, सर्व्हरवाले बाँडिंग किंवा टीमिंग. काही कंपन्या ट्रंक म्हणतात, आणि सिस्कोच्या भाषेत ट्रंक म्हणजे भलतंच काही!

जोडणी दोन प्रकारे होते. स्टॅटिक पद्धतीत दोन्हीकडे हाताने पोर्ट बांधायचे. स्विच एकमेकांना काही विचारत नाहीत. धोका इथेच आहे. दोन इमारतींमध्ये फायबर आणि मीडिया कन्व्हर्टर असेल, तर मधला फायबर तुटला तरी पोर्टचा हिरवा दिवा चालू राहू शकतो. स्विच बिचारा त्या मेलेल्या वाटेवर डेटा ढकलत राहतो. दुसऱ्या, म्हणजे एलएसीपी पद्धतीत दोन्ही स्विच प्रत्येक केबलवरून ठरावीक वेळाने हाक देतात: जलद सेटिंगवर दर सेकंदाला, संथवर दर ३० सेकंदांनी. तीन हाकांइतका वेळ उत्तर आलं नाही, तर ती केबल गटातून बाहेर. म्हणून साथ मिळत असेल तिथे मी एलएसीपीच घेतो. फक्त एका तरी टोकाला अॅक्टिव्ह मोड हवा. दोन्ही पॅसिव्ह ठेवले तर दोघंही समोरच्याच्या हाकेची वाट बघत बसतात आणि गट जमतच नाही.

आता ज्यावरून सगळ्यात जास्त तक्रारी होतात तो मुद्दा: दोन केबली बांधल्या, तरी एकच मोठी फाइल दुप्पट वेगाने येत नाही. एका गाडीचे डबे दोन रुळांवर वाटता येत नाहीत, तसंच हे. फ्रेमचा क्रम बिघडू नये म्हणून एका संभाषणाचा सगळा डेटा एकाच केबलने जातो. ती कोणती, हे पत्त्यांवरून केलेलं छोटं गणित ठरवतं. साधं उदाहरण घ्या: सर्व्हरचा पत्ता २०ने संपतो, संगणकांचे ११, १३, १५ने. गणित दोन्ही पत्त्यांच्या शेवटच्या बिटवर असेल, तर हे तिन्ही विषम आकडे एकाच केबलवर पडतील आणि दुसरी रिकामी राहील. म्हणून शक्य असेल तर आयपी पत्त्याबरोबर टीसीपी-यूडीपीचे पोर्ट क्रमांकही गणितात घ्यावेत. दोन राउटरांमधल्या जोडणीत नुसत्या मॅक पत्त्यावर विसंबणं तर फुकटच, कारण तिथे तेच दोन पत्ते पुन्हा पुन्हा येतात.

रुळांची तुलना एका बाबतीत मात्र फसते. दुहेरी मार्गावर एक रूळ सहसा जायचा, दुसरा यायचा. इथे प्रत्येक केबल दोन्ही दिशांनी चालते.

काम करताना आधी दोन्ही स्विचवर सेटिंग, मगच दुसरी केबल. गटातल्या पोर्टांचा वेग आणि व्हीलॅन सारखेच ठेवावेत. शेवटी वरच्या मजल्यावरून सर्व्हरला पिंग चालू ठेवून एकेक केबल आळीपाळीने उपटून पाहावी. एखाद-दुसरं पिंग चुकून पुन्हा सुरू झालं, तर जोडणी ठीक आहे.